गृहकर्ज शेवटी कितीला पडतं? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सोसायटीतले, ऑफिसातले आणि त्यांच्या ओळखीतले लोक गेली काही वर्षं मला गृहकर्जाची कागदपत्रं पाठवतात आणि खाली लिहितात, 'जरा बघून सांगा ना.' तेच तेच प्रश्न येतात, म्हणून उत्तरं एकदाच लिहून ठेवतो आहे. वेगळं काही म्हटलं नसेल तिथे उदाहरण एकच: ५० लाखांचं कर्ज, ८.५ टक्के व्याज, २० वर्षांची मुदत. हप्ता ४३,३९१ रुपये. तुमचा आकडा वेगळा असला तरी प्रमाण साधारण असंच राहतं.

१. ५० लाख घेतले तर शेवटी एकूण किती भरावे लागतात?

सुमारे १ कोटी ४ लाख. ५० लाख मुद्दल आणि ५४ लाखांच्या वर व्याज. म्हणजे घर एक आणि पैसे दोन घरांचे. हा आकडा मंजुरी पत्रात ठळक कुठेच नसतो, ठळक असतो तो मासिक हप्ता. व्याजदर २० वर्षं हलणारच नाही असं धरून हा हिशोब आहे. तो हलतो, आणि मग काय होतं ते प्रश्न ५ मध्ये आहे.

२. बँकेचा माणूस म्हणतो ३० वर्षांची मुदत घ्या, हप्ता कमी बसेल. त्यात वाईट काय?

हप्ता ३८,४४६ वर येतो, म्हणजे महिन्याला ४,९४५ रुपये हाताशी राहतात. त्या बदल्यात एकूण व्याज ५४ लाखांवरून ८८ लाखांवर जातं. उलट बाजूने १५ वर्षं घेतली तर हप्ता ४९,२३७ होतो, महिन्याला ५,८४६ रुपये जास्त, पण व्याज ३८.६ लाखांवर थांबतं.

तरीही लांब मुदत घेणारा प्रत्येक जण फसला असं मी म्हणणार नाही. नोकरी नवी आहे, घरात कमावणारं एकच माणूस आहे, तर ३० वर्षांची मुदत घेऊन कमी हप्त्याची सोय ठेवणं आणि जमेल तसं जादा भरणं हा शहाणपणाचा मार्ग असू शकतो. अट एकच, ते 'जादा भरणं' खरोखर झालं पाहिजे. माझ्या पाहण्यात दहातले दोघेच भरतात. बाकीच्यांचे ते ४,९४५ रुपये गाडीच्या हप्त्यात जातात.

३. पाच वर्षं एकही हप्ता चुकवला नाही, तरी मुद्दल जेमतेम सहा लाखांनी कमी झालं. बँकेने काही गडबड केली आहे का?

नाही. हा मला येणारा सर्वांत रागीट प्रश्न आहे आणि हिशोब मात्र अगदी सरळ आहे. पहिल्या महिन्यात बँक ५० लाखांवर एका महिन्याचं व्याज लावते: ३५,४१७ रुपये. तुमच्या ४३,३९१ मधून ते वजा जाता मुद्दलाला मिळतात ७,९७४. पुढच्या महिन्यात व्याज ४९,९२,०२६ वर लागतं, म्हणजे ५६ रुपयांनी कमी. त्यामुळे मुद्दलाला ५६ रुपये जास्त. गाडी अशी छप्पन्न-छप्पन्न रुपयांनी वेग घेते.

पाच वर्षांत तुम्ही २६ लाख भरता. त्यातले २० लाख व्याजात जातात आणि मुद्दल ४४ लाखांवर येतं. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला बारावं वर्ष संपत येतं. आणि कर्ज निम्म्यावर, म्हणजे २५ लाखांवर येतं ते तेरा वर्षं दहा महिन्यांनी. मुदतीचा दोन तृतीयांश भाग संपून गेलेला असतो तेव्हा.

दर वेळी स्टेटमेंट आलं की हप्त्याकडे बघू नका, 'शिल्लक मुद्दल' आणि 'उरलेले हप्ते' हे दोन आकडे बघा. रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार दर तीन महिन्यांनी मिळणाऱ्या विवरणात आजवर वसूल झालेलं मुद्दल आणि व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेल्या हप्त्यांची संख्या आणि वार्षिक दर असायलाच हवा. बँकेच्या ॲपमध्ये तो बहुधा चार टप्पे आत दडलेला असतो.

४. माझा व्याजदर ठरवतं कोण? शेजाऱ्याची बँक तीच, घर त्याच इमारतीत, मग त्याचा दर कमी कसा?

१ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी बदलत्या दराची गृहकर्जं बाहेरच्या मापदंडाला जोडावी लागतात. बहुतेक बँकांनी त्यासाठी रिझर्व्ह बँकेचा रेपो दर (ज्या दराने ती बँकांना कर्ज देते तो) निवडला. तुमचा दर म्हणजे रेपो अधिक बँकेचा 'स्प्रेड', म्हणजे बँक वर लावते ती जादा टक्केवारी. रेपो सगळ्यांना सारखाच, फरक पडतो तो स्प्रेडमध्ये. तुम्ही कर्ज घेतलंत त्या महिन्यात बँक ग्राहकांच्या मागे किती लागली होती, तुमचा सिबिल स्कोअर किती होता, नोकरी की धंदा, यावर तो ठरला आणि तुमच्या कर्जाला चिकटला. शेजारी दोन वर्षांनी आला, तेव्हा स्पर्धा वाढलेली होती, त्याला कमी स्प्रेड मिळाला.

तुमचं कर्ज २०१९ च्या आधीचं असेल तर ते अजूनही एमसीएलआर किंवा त्याहून जुन्या बेस रेटवर (दोन्ही बँकेने स्वतःच्या खर्चावरून ठरवलेले दर) असू शकतं. गृहवित्त कंपनीचं असेल तर तिच्या स्वतःच्या प्राइम लेंडिंग रेटवर, कारण बाहेरच्या मापदंडाची सक्ती बँकांना आहे, त्या कंपन्यांना नाही. तिथे रेपो उतरला तरी तुमचा दर उतरायला वेळ लागतो. दोन्ही ठिकाणी शाखेत एक अर्ज आणि थोडं शुल्क भरून दर बदलून घेता येतो. आपणहून कुणी फोन करून सांगत नाही, मागावं लागतं.

५. २०२१ मध्ये २० वर्षांसाठी कर्ज घेतलं. २०४१ ला संपायचं होतं. आता ॲपवर त्याच्या कितीतरी पुढचं वर्ष दिसतंय. हे कसं?

मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ-दहा महिन्यांत रेपो ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर गेला. बँकांनी हप्ता तसाच ठेवून मुदत वाढवली, कारण हप्ता वाढला की ग्राहक ओरडतो, मुदत वाढली तर बहुतेकांना कळतही नाही.

एक कर्ज आकड्यांत बघू. ३० लाख, ६.७ टक्के, २० वर्षं, हप्ता २२,७२२. वर्षभराने शिल्लक २९.२६ लाख. सोपं जावं म्हणून दर एकदम ९.२ टक्के झाला असं धरा. आता महिन्याचं व्याजच २२,४३३ रुपये. हप्ता २२,७२२. मुद्दलात जातात २८९ रुपये. महिनाभर घाम गाळून २८९ रुपये! या वेगाने कर्ज फिटायला आणखी ४७ वर्षं लागतील. प्रत्यक्षात बँक कर्जदाराच्या वयाची मर्यादा आली की थांबते आणि हप्ताही थोडा वाढवते, म्हणून ४७ चे २८-३० दिसतात. उरलेल्या १९ वर्षांतच फेडायचं तर हप्ता सुमारे २७,२०० करावा लागला असता.

माझ्या स्वतःच्या कर्जात असंच झालं. मुदत वाढल्याचा इंग्रजी एसएमएस आला होता, ओटीपी आणि साडीच्या सेलच्या गर्दीत मी तो पुसून टाकला. आठ महिन्यांनी कळलं.

या सगळ्यावर रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये परिपत्रक काढलं. दर बदलताना बँकेने तुम्हाला विचारायचं: हप्ता वाढवू, मुदत वाढवू, की दोन्ही थोडं थोडं? शिवाय बँकेच्या धोरणानुसार स्थिर दरावर जाण्याचा पर्याय आणि कधीही पूर्ण किंवा अंशतः फेड करण्याची मुभा. हप्ता महिन्याच्या व्याजापेक्षा कमी पडून मुद्दल उलट वाढत जाईल अशी स्थिती येऊ द्यायची नाही, हेही त्यात आहे. तुम्हाला कुणी विचारलं नसेल तर लेखी अर्ज द्या: 'माझी मूळ मुदत कायम ठेवून हप्ता वाढवावा.' पोच घ्या.

दर उतरतात तेव्हा उलटं करायचं. २०२५ मध्ये फेब्रुवारी, एप्रिल आणि जून मिळून रेपो एक टक्क्याने कमी झाला. तेव्हा अनेकांनी बँकेत जाऊन हप्ता कमी करून घेतला आणि पेढे वाटले. हप्ता होता तोच ठेवला असता तर वाढलेली मुदत आपोआप मागे आली असती.

६. पार्ट पेमेंट (मुदतीआधी काही रक्कम फेडणं) केल्यावर दंड लागतो का?

व्यक्तीने घेतलेल्या बदलत्या दराच्या गृहकर्जावर नाही. बँकांना ही मनाई २०१२ पासून आहे. पैसे कुठून आणले यावरूनही बँक शुल्क लावू शकत नाही. स्थिर दराच्या कर्जावर मात्र शुल्क असू शकतं, तेव्हा करारातलं कलम आधी वाचा. सुरुवातीला काही वर्षं स्थिर आणि मग बदलता अशी मिश्र कर्जं असतात. त्यांत पार्ट पेमेंटच्या दिवशी कर्ज कोणत्या दरावर आहे ते महत्त्वाचं.

७. जादा पैसे भरले तर नक्की किती वाचतात? हप्ता कमी करून घेऊ की मुदत?

मुदत. अपवाद एकच: घरखर्चाची खरोखर ओढाताण चालू असेल तर हप्ता.

पहिलं वर्ष संपताना एक लाख भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे अकरा हप्ते गळतात. एक लाखाने सुमारे ३ लाख ८० हजारांचं व्याज वाचलं. तेच एक लाख पंधराव्या वर्षाअखेर भरले तर वाचतात सुमारे ५१ हजार. नोटा त्याच, वर्ष वेगळं. म्हणून 'मुलं मोठी झाली की जोर लावू' हा बेत महाग पडतो.

दुसरी सोपी पद्धत म्हणजे दर वर्षी एक हप्ता जादा भरणं. दिवाळीचा बोनस त्यासाठीच ठेवा. आपल्या उदाहरणात कर्ज २० ऐवजी पावणेसतरा वर्षांत संपतं आणि व्याजात दहा लाखांच्या वर बचत होते.

एक खाचखळगा: ऑनलाइन भरताना काही ठिकाणी जादा रक्कम 'पुढचा हप्ता आगाऊ' म्हणून पडून राहते, मुद्दलातून वजा होत नाही. भरल्यावर दोन दिवसांनी शिल्लक मुद्दल तपासा. कमी झालेलं नसेल तर शाखेला मेल करा.

८. हातात पाच लाख आहेत. कर्जात भरू, एफडी करू, की एसआयपी?

सहा महिन्यांचा घरखर्च आणि हप्ते बाजूला आहेत का? नसतील तर आधी ते. कर्जात भरलेले पैसे अडीअडचणीला परत मागता येत नाहीत. टॉप-अप (त्याच घरावर वाढीव कर्ज) मिळतो, पण नव्या अर्जाने आणि नव्या दराने.

एफडीचा प्रश्न सोपा आहे. ७ टक्क्यांची एफडी ३० टक्के कर भरणाऱ्याला हातात पाच टक्क्यांच्याही खाली देते, आणि तुम्ही कर्जावर ८.५ मोजताय. एसआयपीचा प्रश्न स्वभावाचा आहे. दीर्घ मुदतीत शेअर बाजार जास्त देऊ शकतो, पण खात्री नाही. कर्जात भरलेल्या रुपयावर ८.५ टक्के वाचतात हे मात्र नक्की. कर्जाने झोप उडणाऱ्याला मी फेडच सांगतो.

मधला मार्ग म्हणजे ओव्हरड्राफ्ट पद्धतीचं गृहकर्ज. जादा पैसे त्या खात्यात पडून असतात, तेवढ्या रकमेवर व्याज लागत नाही आणि हवे तेव्हा काढता येतात. दर थोडा चढा असतो. खात्यात सतत मोठी रक्कम राहणार असेल, तरच परवडतं.

९. 'टॅक्स वाचतो, कर्ज फेडू नका' असं सगळे सांगतात. खरं आहे का?

आधी बघा तुम्ही कोणत्या करप्रणालीत आहात. २०२३-२४ पासून नवी प्रणाली आपोआप लागू होते आणि तिच्यात स्वतः राहत्या घराच्या व्याजाची वजावट नाही. तिथेच विषय संपला.

जुन्या प्रणालीत राहत्या घरासाठी व्याजाची वजावट वर्षाला जास्तीत जास्त २ लाख. आपल्या कर्जावर पहिल्या वर्षाचं व्याज ४ लाख २१ हजार. म्हणजे निम्म्याहून जास्त व्याजावर काहीच सवलत नाही. २ लाखांवर ३० टक्क्यांच्या गटात सेससह ६२,४०० रुपये वाचतात. चार लाखांवर पाणी सोडून बासष्ट हजार वाचवायचे! मुद्दलाची वजावट ८० सी मध्ये दीड लाखांपर्यंत, पण पीएफ आणि विम्याच्या हप्त्यांनीच ती बहुतेकांची भरलेली असते.

दोन पोटनियम लोक विसरतात. ताबा मिळाल्याच्या आर्थिक वर्षाच्या अखेरीपासून पाच वर्षांच्या आत घर विकलं तर ८० सी मध्ये घेतलेली मुद्दलाची वजावट उलटते. आणि भाड्याने दिलेल्या घराच्या व्याजाची वजावट नव्या प्रणालीतही भाड्याच्या उत्पन्नातून मिळते, फक्त तोटा पगारातून वजा करता येत नाही. १ एप्रिल २०२६ पासूनच्या आयकर कायदा २०२५ मध्ये कलमांचे क्रमांक वेगळे आहेत, तेव्हा जुन्या क्रमांकांवर विसंबून राहू नका.

१०. डाउन पेमेंट तयार आहे. आणखी किती पैसे हाताशी लागतील?

पुण्यातला ६५ लाखांचा, बांधकाम चालू असलेला फ्लॅट घ्या. ३० ते ७५ लाखांच्या कर्जासाठी बँक घराच्या किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच देऊ शकते (३० लाखांपर्यंत ९०, ७५ लाखांवर ७५ टक्के). ५० लाख कर्ज, १५ लाख तुमचे. आता पुढे बघा:

मुद्रांक शुल्क, स्थानिक संस्था कर आणि मेट्रो अधिभार मिळून ७ टक्के: ४,५५,०००. नोंदणी शुल्क ३०,००० (एक टक्का, पण कमाल इतकंच). जीएसटी ५ टक्के: ३,२५,०००. बेरीज ८ लाख १० हजार, आणि या किमतीच्या घराला बँक मुद्रांक आणि नोंदणी शुल्क कर्जाच्या हिशोबात धरत नाही. त्यावर प्रोसेसिंग फी, तारणाच्या दस्ताचं मुद्रांक शुल्क, बिल्डरने मागितलेला दोन वर्षांचा आगाऊ मेंटेनन्स, पार्किंग, ग्रिल, मॉड्युलर किचन. पंधरा लाखांची तयारी असलेला माणूस चोवीस-पंचवीस लाखांवर पोचतो आणि फरक क्रेडिट कार्डावर किंवा पर्सनल लोनवर काढतो. त्या पैशाचं व्याज गृहकर्जापेक्षा कितीतरी जास्त, आणि घराच्या खऱ्या किमतीत तेही धरायला हवं.

मुंबईत तो मुद्रांकाचा एकूण दर ६ टक्के आहे. घर फक्त महिलेच्या नावावर असेल तर महाराष्ट्रात एक टक्का सवलत मिळते, इथे ६५ हजार (पण प्रश्न १५ वाचूनच निर्णय घ्या). पूर्णत्वाचा दाखला मिळालेल्या तयार घराला जीएसटी नाही. पुनर्विक्रीच्या फ्लॅटला सोसायटीचं हस्तांतरण शुल्क, ते २५ हजारांच्या वर मागता येत नाही.

११. बँकेचे छुपे चार्जेस ओळखायचे कसे?

१ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या किरकोळ कर्जाला 'की फॅक्ट स्टेटमेंट' द्यावंच लागतं, आणि तेही कर्जदाराला समजेल अशा भाषेत. मराठीत मागा. त्यात वार्षिक टक्केवारी दर, म्हणजे एपीआर, असतो: व्याजात प्रोसेसिंग फी, कायदेशीर आणि मूल्यांकन शुल्क, बँकेने गळ्यात मारलेला विमा सगळं मिसळून आलेला दर. दोन बँकांची तुलना या एका आकड्यावर करा. त्या कागदात नसलेलं शुल्क तुमच्या स्पष्ट संमतीशिवाय नंतर लावता येत नाही.

१२. कर्जासोबत विमा सक्तीचा आहे असं सांगितलं. १.५ लाखांचा हप्ता 'कर्जातच घालून देतो' म्हणाले.

त्याच बँकेकडून विमा घेण्याची कायद्याने सक्ती नाही. 'कर्जातच घालतो' हे ऐकायला फुकट वाटतं, पण ते दीड लाख २० वर्षं ८.५ टक्क्यांनी फेडताना ३ लाख १२ हजार होतात. शिवाय अशा पॉलिसीचं कवच बहुधा शिल्लक कर्जाबरोबर कमी होत जातं, आणि कर्ज दुसऱ्या बँकेत नेलं की तिचं काय होणार हे वेगळं विचारावं लागतं.

विमा नको असं मात्र मी म्हणत नाही. कर्ज डोक्यावर असताना कमावत्या माणसाचा साधा टर्म विमा हवाच. तो वेगळा घ्या.

१३. बांधकाम चालू आहे, बँक फक्त प्री-ईएमआय घेते. तो चांगला ना, हप्त्यापेक्षा कमी असतो?

प्री-ईएमआय म्हणजे वितरित झालेल्या रकमेचं नुसतं व्याज. मुद्दलाला एक पैसाही नाही. २० लाख वितरित झाले असतील तर महिन्याला १४,१६७. पूर्ण ५० लाख गेले आणि ताबा एक वर्ष लांबला, तर सव्वाचार लाख व्याज, वर १८ हजारांच्या भाड्याने २ लाख १६ हजार. साडेसहा लाखांच्या घरात खर्च आणि मुद्दल जागच्या जागी. हा खर्च ब्रोशरमधल्या प्रति चौरस फूट भावात कधीच दिसत नाही.

शक्य असेल तर पहिल्या वितरणापासूनच पूर्ण हप्ता सुरू करा. ताबा लांबला तर रेरा कायद्याच्या कलम १८ खाली बिल्डरकडून विलंबाचं व्याज मागता येतं. महाराष्ट्रात तो दर स्टेट बँकेच्या सर्वोच्च एमसीएलआरपेक्षा दोन टक्के जास्त असतो. करारातली ताब्याची तारीख म्हणूनच पैशाइतकी महत्त्वाची.

१४. दुसरी बँक अर्धा टक्का कमी देते. बॅलन्स ट्रान्सफर करू का?

तीन वर्षांनंतर शिल्लक ४६.७४ लाख, मुदत १७ वर्षं. ८ टक्क्यांवर आणि तेवढ्याच १७ वर्षांत हप्ता ४१,९८७ होतो. महिन्याला १,४०४ रुपये कमी, एकूण सुमारे २ लाख ८६ हजार वाचतात. त्यातून नव्या बँकेची फी आणि तारणाच्या दस्ताचा खर्च पुन्हा वजा करा. तरीही फायदा आहे.

आता सापळा. नवी बँक म्हणते, 'पुन्हा २० वर्षं करून देतो, हप्ता ३९,०९८!' व्याजदर कमी, हप्ता चार हजारांनी कमी, सगळे खूश. पण ३९,०९८ गुणिले २४० म्हणजे ९३.८ लाख. जुन्या बँकेतच राहिला असतात तर उरलेले हप्ते ८८.५ लाखांचे होते. कमी दराचं कर्ज घेऊन तुम्ही पाच लाखांच्या वर जास्त भरणार. ट्रान्सफरच्या अर्जावर मुदतीच्या रकान्यात उरलेले महिने स्वतःच्या हाताने लिहा. त्याआधी सध्याच्या बँकेला नव्या बँकेचं मंजुरी पत्र दाखवा, पुष्कळदा तिथेच दर उतरतो.

१५. सवलतीसाठी घर बायकोच्या नावावर घेतलं, हप्ते मी भरतो. व्याजाची वजावट मला मिळेल का?

नाही. वजावटीसाठी घराची मालकी लागते, नुसतं सह-कर्जदार असून चालत नाही. दोघं सहमालक आणि सह-कर्जदार असाल तर जुन्या प्रणालीत प्रत्येकाला आपापल्या वाट्यावर दोन लाखांपर्यंत वजावट मिळू शकते, पण मग मुद्रांक शुल्कातली महिलांची सवलत जाते, कारण ती फक्त महिला खरेदीदारांसाठी आहे. दोघंही नव्या करप्रणालीत असाल तर हा पेचच उरत नाही.

१६. पतसंस्था ७ टक्के म्हणते, बँक ८.५. पतसंस्था स्वस्त ना?

विचारा: ७ टक्के 'फ्लॅट' की घटत्या शिलकीवर? फ्लॅट असेल तर २० वर्षं मूळ ५० लाखांवरच व्याज लागतं, फेडलेल्या रकमेवरही. ७० लाख व्याज, महिन्याला ५० हजार हप्ता. घटत्या शिलकीच्या भाषेत हा दर साडेदहा टक्के होतो. घटत्या शिलकीवर ७ असेल तर बिनधास्त घ्या आणि मलाही पत्ता कळवा.

१७. ५४ लाख व्याज ऐकून छातीत धडकी भरते. महागाई धरली तर ते इतकं वाईट आहे का?

नाही, आणि हे न सांगणं अप्रामाणिकपणाचं होईल. महागाई ५ टक्के धरली तर पंधरा वर्षांनंतरचा ४३,३९१ चा हप्ता आजच्या २०,९०० रुपयांइतका जड असेल. पगार वाढतो, हप्ता तिथेच राहतो. ज्यांनी २००५ च्या सुमारास आठ-दहा हजारांचा हप्ता 'कसा झेपणार' म्हणत सुरू केला, ते शेवटच्या वर्षांत त्याच्याकडे बघतही नव्हते.

पण महागाईचा हा फायदा मुदत वाढवायला निमित्त होऊ नये. आणि खर्चाच्या बाजूलाही महागाई असतेच: मालमत्ता कर, मेंटेनन्स, आदर्श उपविधींप्रमाणे सोसायटीने जमवायचा सिंकिंग फंड (इमारतीच्या मोठ्या कामांसाठीची राखीव रक्कम, बांधकाम खर्चाच्या वर्षाला ०.२५ टक्के) आणि दुरुस्ती निधी (०.७५ टक्के), दहा-बारा वर्षांनी बाहेरचा रंग आणि लिफ्ट. भाडेकरूला हे वेगळं भरावं लागत नाही. भाडं आणि हप्ता समोरासमोर ठेवताना हप्त्याच्या बाजूला हे सगळं मांडा.

१८. एखादा हप्ता चुकला तर?

दंड लागतो, सिबिलवर नोंद होते. एप्रिल २०२४ पासूनच्या नियमानुसार बँक दंड म्हणून जादा व्याज लावू शकत नाही, दंडाचं ठरावीक शुल्क घेते आणि त्या शुल्कावर पुढे व्याज चढवू शकत नाही. हप्ता ९० दिवसांहून जास्त थकला की खातं अनुत्पादित (एनपीए, म्हणजे थकीत कर्ज) होतं आणि मग सरफेसी कायद्याची (कोर्टात न जाता बँकेला तारण ताब्यात घेऊ देणारा कायदा) ६० दिवसांची नोटीस येऊ शकते. अडचण दिसताच, चुकण्याआधी शाखेत जा. स्कोअर घसरल्याचा खर्च कुठल्याच पावतीवर येत नाही, पण प्रश्न १४ मधला अर्धा टक्का त्यानंतर तुम्हाला कुणी देत नाही.

१९. शेवटचा हप्ता भरला. झालं ना सगळं?

अजून नाही. पूर्ण फेड झाल्यापासून ३० दिवसांत मूळ कागदपत्रं परत मिळाली पाहिजेत आणि नोंदवलेला बोजा निघाला पाहिजे. बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दर दिवसाला ५,००० रुपये भरपाई, हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे. कर्ज घेतानाची कागदपत्रांची यादी शोधून ठेवा. मूळ करारनामा, नोंदणीची पावती, इंडेक्स टू (नोंदणी कार्यालयाचा व्यवहाराचा उतारा), आधीच्या मालकांची साखळी, सोसायटीचं शेअर सर्टिफिकेट यांतलं प्रत्येक पान काउंटरवरच, सही करण्याआधी मोजा. मग ना-हरकत दाखला घेऊन सोसायटीच्या कार्यालयात जा आणि तिथल्या रजिस्टरमधली बँकेच्या तारणाची नोंद तुमच्या समोर काढून घ्या. ईसीएस किंवा नाचचा (खात्यातून हप्ता आपोआप वळता करण्याचा) आदेशही रद्द करा. एका ओळखीच्या काकांच्या खात्यातून कर्ज फिटल्यावरही दोन हप्ते गेले होते, आणि ते परत मिळवायला त्यांना चार फेऱ्या माराव्या लागल्या.